बार्शी लाईट: उशिरा दिलेला रिव्ह्यू

गाडीच बंद झालीय म्हणजे रिव्ह्यू वाचून कुणी तिकीट काढणार नाही, तरी देतो. आमची बार्शी लाईट, लातूर-मिरज नॅरोगेज, म्हणजे अरुंद रुळांची रेल्वे. पाचपैकी चार स्टार.

एक स्टार कापला तो वेगाचा. खाली उतरून बोरं तोडायची आणि पळत येऊन परत चढायचं, असं आमच्याकडं ज्याला त्याला सांगायची सवय आहे, मी काय कुणाला चढताना बघितलं नाही, पण हळू होती हे खरंय.

बाकीच्यातले दोन स्टार त्या काल्थ्रॉप साहेबाला, ब्रिटिश इंजिनिअर होता तो. मेन लाईन बार्शीला बगल देऊन कुर्डुवाडीवरनं गेलेली, म्हणून या एव्हरार्ड काल्थ्रॉपनं १८९७ ला कुर्डुवाडी-बार्शी अडीच फुटी लाईन चालू केली (तेव्हा कुर्डुवाडी स्टेशनचं नावच बार्शी रोड होतं). रूळ अगदी हलके, एक यार्ड लांबीला ३० पौंड वजनाचे, त्यावर जड इंजिन आलं तर वाट लागणार, मग यानं हिशोबच असा मांडला की इंजिन असू दे नाहीतर मालाचा डबा, एका आसावर पाच टनापेक्षा जास्त भार येऊ द्यायचाच नाही, वजन जास्त चाकांवर वाटून टाकायचं. पुढं याच माणसानं विमानवाल्यांसाठी पॅराशूट बनवलं, डोकं बघा. १९०६ ला लाईन पंढरपूरला पोचली, १९११ ला लातूर, १९२७ ला मिरज, आणि १९५४ ला सरकारनं ताब्यात घेतली.

उरलेले दोन आज्जीमुळं. बार्शीवरनं पंढरपूरला निघालो की डब्यात समोरच्याच्या गुडघ्याला गुडघा, कुणाची तरी दशम्यांची फडकी सुटलेली, आणि आज्जीनं पुठ्ठ्याचं तिकीट पदराच्या गाठीत बांधलेलं, मोडनिंब आलं की ती गाठ चाचपून बघायची.

२००० नंतर टप्प्याटप्प्यानं ब्रॉडगेज झालं, पंढरपूर-मिरज तुकड्यावरची नॅरोगेज २००८ ला थांबली. उस्मानाबाद, म्हणजे आताचं धाराशिव, जुन्या लाईनीवर नव्हतंच, नवी लाईन वळवून तिकडनं नेली, ते बरंच केलं म्हणायचं, उगाच जुनं तेच सोनं करत बसणारा मी नाही.

एका वारीला ती गाठ सोडायची राहूनच गेली आणि घरी आल्यावर तिकीट तसंच निघालं, दोघांचंही. आज्जीनं ते देव्हाऱ्यात विठोबाच्या मागं उभं करून ठेवलं, अजून तिथंच आहे, हळदीकुंकवानं त्यावरचं नाव पार पुसलंय.