गणिताच्या ऑनलाइन क्लाससाठी स्वस्तातला पेन टॅब्लेट : दीड वर्ष वापरल्यावरचा अनुभव

मी जुळे सोलापूरला राहते, नववी-दहावीचं गणित शिकवते, मराठी मिडियम आणि सेमी दोन्ही. संध्याकाळची बॅच घरी असते आणि रात्री आठची ऑनलाइन, त्यात अक्कलकोट, मोहोळ, मंगळवेढ्याकडची पोरं आहेत, दोघीजणी पुण्याला शिफ्ट झाल्या पण गणित तुमच्याकडेच म्हणून टिकून राहिल्या. सध्या दर आठवड्याला कुणी ना कुणी शिक्षक फोन करून विचारतात की मॅडम तुम्ही ज्याच्यावर लिहिता ते काय आहे, कितीला पडलं, आम्ही कुठलं घ्यावं. म्हणून एकदाच बसून सगळं लिहिते.

मी वापरते तो वॅकॉम कंपनीचा वन बाय वॅकॉम, त्यातला छोटा, मॉडेल सीटीएल-४७२. मला साडेतीन हजाराच्या आसपास पडला, आता रेट थोडा वर-खाली असेल तो बघून घ्या. त्याला स्क्रीन नाही हे आधी नीट समजून घ्या, कारण निम्म्या लोकांचा गोंधळ इथंच होतो. काळी पाटी टेबलावर, लिहायचं तिच्यावर, आणि अक्षर उमटतं लॅपटॉपवर. मी पहिल्यांदा नवी पेठेत विचारत फिरले तेव्हा एका दुकानदारानं मला ती तीनशे रुपयांची लहान मुलांची एलसीडी पाटी काढून दाखवली, बटण दाबलं की सगळं पुसलं जातं ती. हेच की ओ मॅडम, सगळे मास्तर हेच नेतात म्हणाला. ती पाटी लॅपटॉपला जोडतच नाही, ऑनलाइन क्लासला तिचा काही उपयोग नाही, त्यामुळे दुकानात जाताना नुसतं 'लिहायची पाटी' म्हणू नका, पेन टॅब्लेट म्हणा आणि यूएसबी केबल आहे का ते आधी बघा.

२०२० च्या लॉकडाऊनमध्ये मी स्टीलचे दोन डबे, त्यावर पट्टी आणि पट्टीवर मोबाईल उलटा ठेवून खाली वहीत लिहायची. एप्रिल-मे मधलं सोलापूरचं ऊन तुम्हाला माहितीये, मोबाईल तापून वीस मिनिटात बंद पडायचा, वर हाताची सावली नेमकी उत्तरावर. तरी पैसे नसतील तर ती पद्धत वाईट नाही हे मनापासून सांगते, चांगला उजेड आणि जाड जेल पेन असेल तर वर्ष निघतं.

मग ऑनलाइन एक स्वस्तातला पॅड मागवला, कंपनीचं नाव लिहीत नाही. त्याच्या पेनात सेल घालायला लागायचा. सेल उतरत आला की रेघ तुटक यायची आणि मला वाटायचं नेटच खराब आहे, एकदा वर्गसमीकरणाचं सूत्र लिहिता लिहिता वर्गमूळाच्या चिन्हातच पेन बंद पडला आणि घरात दुसरा सेल नव्हता, पंधरा पोरं समोर बसलेली, शेवटी माऊसनं उरलेलं लिहिलं. परत करायची मुदतही टळून गेली होती. तेव्हा ठरवलं की आता बिनसेलचाच पेन घ्यायचा.

बिनसेलचा पेन चालतो कसा हे मी दहावीच्या पोरांना 'विद्युतधारेचे परिणाम' धडा झाल्यावर सांगते. पॅडच्या आत तारांची जाळी असते, ती चुंबकीय क्षेत्र तयार करते, पेनात छोटं वेटोळं असतं, त्यात प्रवर्तनानं वीज तयार होते आणि तेवढ्यावर पेन आपली जागा आणि दाब पॅडला कळवतो. म्हणून पेन चार्ज करायचा नाही, काही नाही. पॅडला लागणारी वीज लॅपटॉपच्या यूएसबीतून येते, म्हणजे लाईट गेली तरी लॅपटॉपची बॅटरी आणि मोबाईलचं हॉटस्पॉट यावर माझा क्लास पूर्ण होतो. आणि पॅड चुंबकीय क्षेत्रावर चालतो म्हणून लोखंडी टेबलावर तो ठेवू नका, धातू जवळ आला की रेघ थरथरू शकते. माझं टेबल लोखंडी पत्र्याचं, मी खाली जेवायचा लाकडी पाट घेते आणि त्यावर पॅड, एकदम स्थिर.

आता मापं. लिहायची जागा १५२ बाय ९५ मिलिमीटर, म्हणजे साधारण पोस्टकार्डाएवढी. लहान वाटेल पण गणिताला पुरते, कारण मनगट फिरवून सगळीकडे पोचता येतं, आणि माझ्या टेबलावर लॅपटॉप, पुस्तक, चहा सगळं असतं. दाबाच्या लेव्हल, म्हणजे पेन किती जोरात टेकवला हे ओळखायच्या पायऱ्या, २०४८ आहेत. ह्युऑन आणि एक्सपी-पेन ह्या दुसऱ्या कंपन्यांच्या पॅडवर ८१९२ लिहिलेलं दिसतं आणि लोक लगेच म्हणतात तो चौपट भारी. चित्रकाराला कदाचित फरक पडत असेल, आपल्याला शून्य. मी तर दाबानुसार रेघ जाड-बारीक होणं बंदच करून टाकलंय, कारण पोरं मोबाईलवर बघतात, त्यांना सगळीकडे सारखी जाड रेघ लागते. वजाचं चिन्ह बारीक उमटलं तर अख्खं गणित चुकतं.

एक गोष्ट मात्र कुणीच सांगत नाही आणि भूमितीवाल्यांना तीच सगळ्यात जास्त छळते. पहिल्या आठवड्यात मी वर्तुळाचा धडा घेत होते, हातानं वर्तुळ काढलं, आणि अक्कलकोटची एक मुलगी म्हणाली, "मॅडम, वर्तुळ अंड्यासारखं दिसायलंय की ओ." मला वाटलं माझा हात बसला नाही अजून. चार वेळा काढलं, चारही वेळा आडवं अंडं. मग लक्षात आलं की पॅडची लांबी-रुंदी १६ ला १० अशी आहे आणि माझा लॅपटॉप १३६६ बाय ७६८ म्हणजे १६ ला ९. पूर्ण पॅड पूर्ण स्क्रीनवर ताणला की आडवी लांबी साधारण ११ टक्के जास्त होते. वॅकॉमच्या सेटिंगमध्ये मॅपिंगच्या पानावर फोर्स प्रपोर्शन्स नावाचा चौकोन आहे, त्याला टिक करा, संपला विषय. मग पॅडची साडेनऊ मिलिमीटरची पट्टी वापरात राहात नाही एवढंच. ह्याचंच गणित मी पोरांना गुणोत्तराचं उदाहरण म्हणून घातलं आणि त्या मुलीनं ते सगळ्यात आधी सोडवलं, मला फार बरं वाटलं. ह्युऑन एच ६४०पी किंवा एक्सपी-पेन डेको ०१ व्ही२ घेतला तरी हीच अडचण येणार, त्यांचंही गुणोत्तर जवळपास तेच आहे, फक्त सेटिंगचं नाव वेगळं असेल.

सुरुवातीला पेन उडायचा, कर्सर भलतीकडे जायचा, मी दोन दिवस पॅडलाच बोल लावत होते. जुन्या पॅडचा ड्रायव्हर, म्हणजे पॅड चालवणारं सॉफ्टवेअर, लॅपटॉपमध्ये तसाच राहिला होता, दोन्ही एकमेकांशी भांडत होते. जुना काढून रीस्टार्ट केलं की नीट झालं. दुसरं म्हणजे पेन जरा वेळ टेकवून ठेवला की विंडोज गोल रिंग दाखवून राइट क्लिक करतं, ते विंडोजच्या पेनच्या सेटिंगमधून बंद करा, दशांश चिन्ह द्यायला गेलं की मेनू उघडतो नाहीतर. पेनावर दोन बटणं आहेत, त्यातल्या एकाला मी कंट्रोल झेड लावलंय, चुकलं की अंगठ्यानं दाबायचं, शेवटची रेघ जाते आणि परत लिहायचं. ह्या पॅडवर एकही बटण नाही, ते एच ६४०पी ला सहा आणि डेकोला आठ आहेत. कुणाला बटणं हवीच असतील तर ते बघा, मला डावा हात कीबोर्डवर ठेवायची सवय आहे. पॅडला पेन अडकवायला कापडी पट्टी आहे, घरात लहान पोरं असतील तर तिची किंमत कळेल.

हात बसायला किती दिवस लागतात विचाराल तर मला पंधरा दिवस लागले. हात खाली, नजर वर, हे डोक्याला लवकर पटत नाही. इंग्रजी एक्स-वाय लगेच जमले, मराठी अवघड गेलं, शिरोरेघ वर जायची नाहीतर अक्षरात घुसायची. मग मी आधी शब्द लिहून रेघ शेवटी एका झटक्यात ओढायला लागले, आणि रोज रात्री पायथागोरसच्या प्रमेयाची सिद्धता पूर्ण मराठीत लिहायची, पक्ष, साध्य, रचना, सिद्धता सगळं. आठव्या दिवशी अक्षर वाचता यायला लागलं. ज्यांनी पॅड घेऊन तीन दिवसात कपाटात टाकला अशा दोघांना मी ओळखते, त्यांना एवढंच सांगायचंय की बाहेर काढा आणि रोज एक पान लिहा. उन्हाळ्यात घामानं तळहात चिकटतो, मी करंगळीच्या बाजूला सुती हातरुमाल गुंडाळते.

सॉफ्टवेअरला पैसे घालू नका. मी ओपनबोर्ड हा लॅपटॉपवरचा फळा वापरते, स्वित्झर्लंडच्या लोझान विद्यापीठात सुरू झालेलं, पूर्ण फुकट. बालभारतीचं पुस्तक पीडीएफमध्ये फुकट मिळतं, ते त्यात उघडून सरावसंचाच्या बाजूलाच लिहिता येतं, कंपास, कोनमापक, पट्टी सगळं आत आहे, आणि क्लास संपला की पानांची पीडीएफ ग्रुपवर. काहीजण अजून गुगलच्या जॅमबोर्ड ह्या ऑनलाइन फळ्याबद्दल विचारतात, ते २०२४ च्या शेवटी गुगलनं बंद केलं. एका पानावर मी पाचच ओळी लिहिते, कारण मोहोळच्या पोराच्या हातात सहा इंची मोबाईल आहे.

शिकणाऱ्या पोरांसाठी वेगळं सांगते. घरी लॅपटॉप नसेल तर वन बाय वॅकॉम घेऊ नका, मोबाईलला चालणारा बघा. ह्युऑन एच ४३०पी अँड्रॉइडला चालतो, त्याची जागा १२२ बाय ७६ मिलिमीटर, पेन तोही बिनसेलचा. फोन उभा धरला तर पॅडचा लहानसा भागच काम करतो, म्हणून फोन आडवा करून स्टँडला लावायचा. अक्कलकोटच्या त्या मुलीच्या वडिलांनी मला विचारून तोच घेतला. पहिल्या दिवशी काहीच चालेना, रडकुंडीला आली बिचारी, म्हणाली मॅडम पैसे वाया गेले. तिला व्हिडिओ कॉलवर पॅड मोबाईलला जोडायची पिन दाखवायला लावली, तर ती नुसती चार्जिंगची होती. डेटा जाणारी ओटीजी पिन आणली आणि त्याच रात्री तिनं मला भौमितिक रचनेचा पहिला प्रश्न काढून पाठवला, स्पर्शिका जरा वाकडी होती, पण वर्तुळ गोल होतं.