१०८ मण्यांची लाकडी माळ, सात महिने वापरून झाल्यावर

आधी रेटिंग सांगून टाकते, पाचपैकी साडेतीन. अर्धा स्टार देता येत नाही म्हणून वर चार दिसतायत, अर्धा तुम्ही मनातल्या मनात कमी करा.

ही माळ मी घेतलेली नाही. माझ्या मणक्याच्या ऑपरेशननंतर मावशीने ऑनलाइन मागवून पाठवली. मी जपतप करणारी बाई नव्हतेच कधी, देव मानायचे म्हणजे परीक्षेच्या आदल्या दिवशी आणि विमान हलायला लागलं की मानायचे, तेवढंच. ऑपरेशन नीट झालं असं सगळे म्हणाले पण डाव्या पायातली कळ काही गेली नाही, नसेचं दुखणं आहे, वेळ लागेल म्हणाले. दिवसा चालून जातं, माणसं असतात, फोन असतो, कुणीतरी येऊन बसतं. पण रात्री तीनला घर गाढ झोपलेलं, आधीच्या गोळीचा असर उतरलेला, पुढची गोळी थेट सहाला, आणि मधले हे तीन तास. ज्यांनी असे तीन तास काढलेत त्यांच्यासाठी हा रिव्ह्यू आहे, बाकीच्यांनी फोटो बघा, रंग आवडला तर घ्या.

वस्तूबद्दल आधी. मणी साधारण ८ मिलिमीटरचे, हाताला गुळगुळीत पण पॉलिश मारून चकचकीत केलेले नाहीत, त्यामुळे तळहाताला घाम आला तरी सटकत नाहीत. वजन अगदी हलकं, पडून राहून छातीवर ठेवली तरी जाणवत नाही, माझ्यासारख्या कुशीवर न वळता येणाऱ्या माणसाला हे फार महत्त्वाचं. मेरूमणी बाकीच्यांपेक्षा चांगलाच मोठा आहे आणि खाली गोंडा, म्हणजे अंधारात बोटाला बरोबर कळतं की एक फेरी झाली, आता मेरू ओलांडायचा नाही, माळ उलटी फिरवायची. लाइट लावायला नको, चष्मा नको, मोजायला डोकं नको. बोटात घालायचं ते बटणाचं काउंटरपण एकाने आणून दिलं होतं, पण त्याचं टिक टिक रात्री इतकं मोठं वाटतं की मी दुसऱ्या दिवशीच कपाटात टाकलं. वर्णनात चंदनाचा वास लिहिलाय, तो आठवड्यात उडाला, वरून काहीतरी चोळलेलं असणार. त्याचं मला काही नाही.

पण बॉक्समध्ये एक कार्ड येतं, त्यावर छापलंय की या माळेवर रोज जप केल्याने सर्व व्याधी दूर होतात. एक अख्खा स्टार या कार्डासाठी कापलाय. अहो, दुखण्यात माणूस काहीही मानायला तयार असतो हो, उद्या कुणी या कार्डावर विसंबून गोळ्या बंद केल्या तर? मी एकही गोळी सोडली नाही, फिजिओपण सोडला नाही, आणि तुम्हीही सोडू नका. ज्यांना व्याधी दूर करणारी माळ हवीय त्यांनी ही घेऊ नये, कुठलीच घेऊ नये.

मग उपयोग काय, तर सांगते. पहिल्या रात्री मी नाव वगैरे काही घेतलं नाही. एकेका मण्याला फक्त "का" म्हणत गेले. का, का, का, १०८ वेळा, आणि शेवटचे वीसेक तर दात खाऊन. सकाळी अपराधी वाटलं म्हणून मावशीला फोन करून सांगून टाकलं, मला वाटलं आता ओरडणार. तर म्हणते, "अगं चालेल की, त्यालाच विचारलंस ना?" बस. यावर मी दोन दिवस विचार करत होते. कारण खरंच, मी काही भिंतीला विचारत नव्हते. इतके दिवस जो फक्त अडीअडचणीपुरता होता त्याच्याशी मी पहिल्यांदाच मोकळेपणाने बोलले होते, भांडले का होईना. मला भेटायला आलेल्या निम्म्या लोकांनी देवाच्या वतीने उत्तरं दिली होती, परीक्षा बघतोय, मागच्या जन्मीचं आहे, यातून काहीतरी चांगलंच होईल, आणि प्रत्येक उत्तराने मी आतून आणखी आक्रसत गेले होते. माळ उत्तर देत नाही, हा तिचा सगळ्यात मोठा प्लस पॉइंट.

नाव घ्यायला लागले ती तिसऱ्या का चौथ्या रात्री, आपोआपच, "का" म्हणून कंटाळा आला म्हणून म्हणा. आणि मग एक गोष्ट लक्षात आली की घाईत घेतलं तर फेरी तीन मिनिटांत संपते आणि काही होत नाही, पण एका श्वासाला एक मणी असं सावकाश घेतलं तर कळ असतेच, फक्त ती सगळी खोली भरून उरत नाही, बाजूला बसल्यासारखी बसते. यामागे थोडं शास्त्र आहे बरं का. २००१ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये एक अभ्यास आला होता, २३ निरोगी माणसांना कॅथलिक जपमाळेची लॅटिन प्रार्थना आणि ओम मणि पद्मे हुम हा बौद्ध मंत्र म्हणायला लावलं, तर दोन्हीत श्वास मिनिटाला साधारण सहापर्यंत खाली आला आणि हृदयाची लयही सुधारली. म्हणजे एका श्वासाला दहा सेकंद, १०८ मणी म्हणजे १८ मिनिटं. माझी फेरी घड्याळ लावून बघितली तर १७-१८ मिनिटंच भरली, मला उगाच भारी वाटलं. बाकी आकड्यांत फार अडकू नका, कॅथलिक माळेत ५९ मणी असतात, मुसलमानांच्या तसबीहमध्ये ३३ किंवा ९९, ऑर्थोडॉक्स ख्रिश्चनांची तर गाठी मारलेली दोरीच असते. रात्री तीनला जागं राहून काहीतरी हातात धरून बसणारी माणसं सगळीकडे आहेत एवढं खरं.

माझा धाकटा भाऊ देव मानत नाही. त्याने हे ऐकल्यावर मला दुसराच अभ्यास पाठवला, २००६ चा, अमेरिकेतला, बायपासच्या १८०२ पेशंटवरचा. अनोळखी लोकांनी त्यांच्यासाठी प्रार्थना केली, फरक शून्य. ज्यांच्यासाठी केली त्यांच्यात ५२ टक्के लोकांना गुंतागुंत झाली, ज्यांच्यासाठी नाही केली त्यांच्यात ५१. वर ज्यांना नक्की सांगितलं होतं की तुमच्यासाठी प्रार्थना चालू आहे त्यांच्यात ५९! "बघ ताई," म्हणाला. मी म्हटलं बघितलं, आणि मला अगदी पटलंय. आम्ही सगळे तुझ्यासाठी प्रार्थना करतोय असे मेसेज धडाधड आले होते ना तेव्हा माझ्या पोटात गोळाच आला होता, की मी एवढी सिरियस आहे का आणि मला कुणी सांगत नाहीये का. पण तो अभ्यास दुसऱ्याने केलेल्या प्रार्थनेने शरीर बरं होतं का याचा होता. मी जे करत होते त्यात शरीर बरं करून दे असं मागणंच हळूहळू कमी होत गेलं होतं. मी फक्त एकटी नव्हते. यावर तो गप्प बसला, पटलं म्हणून नाही, ताई आजारी आहे म्हणून.

एक मात्र प्रामाणिकपणे लिहिते. मधे एक पंधरवडा फार वाईट गेला, कळ वाढली, माळ उशीखाली पडून, आणि मनात पक्कं बसलं की त्याने मला टाकलंय. हे रागापेक्षा वाईट असतं. रागात समोर कुणीतरी असतं, इथे समोर कुणीच नाही. आजारी वृद्धांवरच्या एका अभ्यासात, तोही २००१ चाच, असं दिसलं होतं की देवाने आपल्याला टाकलं असं ज्यांना वाटत होतं त्यांच्यात पुढच्या दोन वर्षांत मृत्यूचं प्रमाण जास्त होतं. तेव्हा श्रद्धा म्हणजे सरसकट गुणकारी असं समजू नका, ती दुखतेसुद्धा. असं कुणाचं झालं तर एकट्याने कुढू नका, ज्याच्याशी बोलता येईल अशा माणसाशी बोला, समुपदेशकाकडे जा, मी गेले. आणि तुकोबांचे अभंग वाचले. १६३० च्या दुष्काळात त्यांची बायको गेली, मुलगा गेला, आणि तो माणूस विठोबाला काय काय सुनावतो! शाळेत पाठ केले होते, मार्कांसाठी. आत्ता कळले.

मावशी म्हणाली होती तेच, त्यालाच सुनावलं होतं.

आता उरलेल्या अर्ध्या स्टारचं. पाचव्या महिन्यात धागा तुटला. मण्यांमध्ये गाठी नाहीत ना, त्यामुळे एकदम सगळे सुटले, पहाटे साडेतीनला फरशीवर १०८ मणी टणाटण, घरातले सगळे दचकून उठले, आणि मला तर खाली वाकताही येत नव्हतं. भाऊ त्या दिवशी मुक्कामाला होता. टॉर्च घेऊन पलंगाखाली पालथा पडून एकेक मणी वाटीत गोळा करत होता, मोठ्याने मोजत, आमचा नास्तिक. १०६ सापडले. दोन कुठे गेले ते अजून कळलेलं नाही, सगळं फर्निचर हलवून झालं. मग जाड दोरा आणून त्यानेच ओवून दिली, दर मण्यानंतर गाठ मारून. विकणाऱ्यांनी मुळातच अशी द्यायला हवी, म्हणून अर्धा कापला.

पायाची कळ आहेच, निम्म्याने कमी असेल, गोळ्या दोनावरून एकावर आल्यात. अजूनही बऱ्याचदा तीनला जाग येते. मेरूपाशी पोचले की शेवटची दोन नावं रिकाम्या बोटांनी घेते, तिथे कधी नाव असतं, कधी अजून "का"च असतो. विकणाऱ्यांना मेसेज करून विचारलं होतं की दोन सुटे मणी मिळतील का, उत्तर आलं सुटे मिळत नाहीत, नवीन माळ घ्या, डिस्काउंट देतो. नको म्हटलं.