सहा निवडणुका, नऊ फलक : सांगलीतील एका छपाई दुकानाचा अनुभव

आमच्या वाचनालयात १६ ऑगस्टला आर. आर. ऊर्फ आबा पाटील यांच्या विधानसभेतील कारकिर्दीवर छोटे प्रदर्शन भरवायचे ठरले आणि त्यासाठी विश्रामबाग भागातील एका फ्लेक्स-सनबोर्डच्या दुकानात तीन बाय दोन फुटांचे नऊ फलक करायला दिले. पुढे एका चुकीबद्दल लिहायचे आहे, आणि ती दुकानदाराने कुरकुर न करता सुधारून दिली, म्हणून दुकानाचे नाव देत नाही.

दुकानाचा हात वाढदिवसाच्या फ्लेक्सवर बसलेला आहे. तासाभराने गेलो तेव्हा पडद्यावर आबांचा फोटो, मागे पक्षाचे चिन्ह, वर ठळक ‘कार्यसम्राट’ आणि खाली शुभेच्छुकांच्या फोटोंसाठी सहा रिकामी वर्तुळे, असा तयार साचा उघडलेला होता. अंजनीसारख्या गावातून येऊन सांगलीत ‘कमवा आणि शिका’ योजनेत शिकलेला, १९७९ पासून अकरा वर्षे जिल्हा परिषदेत काढून १९९० मध्ये तासगावातून आमदार झालेला माणूस विशेषणाशिवायही उभा राहतो, हे पटवून द्यायला थोडा वेळ लागला. चिन्हाचा प्रश्न मात्र आपोआप सुटला: १९९० आणि १९९५ च्या निवडणुका काँग्रेसकडून, १९९९ पासूनच्या चार राष्ट्रवादीकडून, मग छापायचे कोणते?

पहिल्या प्रूफमध्ये सहाही विजयांपुढे ‘तासगाव-कवठे महांकाळ’ असा मतदारसंघ पडला होता. वास्तविक २००४ पर्यंत तो ‘तासगाव’ होता आणि पुनर्रचनेनंतर, २००९ पासून, जोडनावाचा झाला. जन्म (१६ ऑगस्ट १९५७) आणि निधन (१६ फेब्रुवारी २०१५) यांच्या तारखा एकच असल्याने महिन्यांचीही अदलाबदल झाली होती. या दोन्ही चुका प्रूफवरच सापडल्या आणि दुरुस्तीचे वेगळे पैसे लागले नाहीत.

खरे कौतुक करायचे ते संगणकावर बसणाऱ्या मुलाचे. मंत्रिपदांचा फलक त्याने रंगीत पट्ट्यांत मांडला: १९९९ पासून ग्रामविकास, त्यातच २०००-०१ चे संत गाडगेबाबा ग्रामस्वच्छता अभियान, डिसेंबर २००३ पासून गृह, २००४ पासून त्याला जोडून उपमुख्यमंत्रिपद. पट्टी सलग २०१४ पर्यंत ओढताना तो थांबला आणि म्हणाला, “सर, तुमच्या कागदात २००८ नंतर एकदम २००९ चा नोव्हेंबर आहे, मधलं वरीस कुठं गेलं?” मुंबईवरील हल्ल्यानंतर दिलेला राजीनामा मी मजकुरात एका ओळीत उरकला होता. त्याने पट्टी तिथे तोडून तेवढी जागा पांढरी ठेवली. प्रदर्शनात लोक सर्वाधिक वेळ उभे राहिले ते याच फलकापुढे, आणि त्यात २००७ च्या तंटामुक्त गाव मोहिमेत काम केलेले दोघे-तिघे होते.

आता तक्रार. छापून आलेल्या पाचव्या फलकावर ‘ग्रामस्वच्छता’ या शब्दातील ‘च्छ’ फुटला होता आणि हलन्त ‘च्’ सुटा दिसत होता. प्रूफमध्ये तो नीट होता. छपाईच्या यंत्रावर फाइल नेताना फॉन्ट बदलला, असे मालकांनी सांगितले. ज्या अभियानामुळे हा आमदार राज्यभर गावोगावी माहीत झाला, त्याचेच नाव मोडलेले पाहून राग आला, हे कबूल करतो. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत नवा फलक मिळाला, पैसे मागितले नाहीत.

छपाईचा दर्जा चांगला आहे. वर्तमानपत्रातील जुन्या कात्रणांवरून घेतलेले कृष्णधवल फोटोही फारसे फाटले नाहीत. चकचकीत लॅमिनेशन मात्र घेऊ नये, कारण ट्यूबलाइटखाली बारीक सनावळी वाचताना मान वाकडी करावी लागते. मॅट मागितले तर त्याच दरात देतात, पण आपणहून विचारत नाहीत. मजकूर युनिकोडमध्ये टाइप करून न्यावा, प्रूफ कागदावर काढून घ्यावे आणि छपाईपूर्वी यंत्रावरची फाइल एकदा स्वतः पाहावी.