साताऱ्याच्या रस्त्यांसाठी डॅशकॅम: कोणता घ्यावा आणि बसवताना काय चुकतं

उसाचा हंगाम सुरू झाला की कराड-सातारा पट्ट्यात रात्री गाडी चालवणाऱ्याला हे दृश्य रोज दिसतं. अंधारात ट्रॅक्टर, त्याच्यामागे दोन ट्रॉल्या, ट्रॉलीच्या बाहेर लोंबणारा ऊस आणि मागे ना दिवा ना रिफ्लेक्टर. डॅशकॅमची, म्हणजे काचेमागे बसून रस्ता रेकॉर्ड करणाऱ्या कॅमेऱ्याची, परीक्षा इथे होते. भर दुपारी पोवई नाक्यावर कुठलाही कॅमेरा छानच चित्र देतो, आणि दुकानदार दाखवतो ते व्हिडिओ बहुतेक अशाच उजेडातले असतात. त्यांच्यावर जाऊ नका. रात्री, समोरच्याचा अप्पर डोळ्यांवर असताना, पुढच्या गाडीचा नंबर वाचता येतो का, एवढं विचारा. बाकीची सगळी वैशिष्ट्यं त्यानंतर.

खोक्यावर ‘४के’ छापलंय म्हणून पैसे मोजण्याआधी थोडं गणित करा. एका ओळीची नंबर प्लेट ५०० मिलिमीटर रुंद असते. १० मीटरवरून ती जेमतेम ३ अंशांत मावते. कॅमेरा आडवं १२० अंश बघत असेल, तर १०८०पीमध्ये, म्हणजे फुल एचडीत, त्या प्लेटच्या वाट्याला साधारण ४६ पिक्सेल येतात, १४४०पीमध्ये ६० आणि खऱ्या ४केमध्ये ९०. ‘एमएच ११’पासून पुढची दहा अक्षरं-आकडे तेवढ्यात बसवायचे. १०८०पीमध्ये एका आकड्याला चार-साडेचार पिक्सेल मिळतात, त्यात ३ आणि ८ सारखेच दिसतात. १४४०पीमध्ये सहा मिळतात आणि नंबर वाचता येऊ लागतो. म्हणून १४४०पीच्या खाली उतरू नका. याच हिशेबाने १७० अंशांची लेन्सही नको. दोन्ही बाजूंची झाडं दिसतील, पण नंबर बारीक होईल. खोक्यावरचा कोन बहुधा कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत तिरका मोजलेला असतो. तिथे १४० लिहिलं असेल तर भरपूर झालं.

‘खरं ४के’ म्हणण्याला कारण आहे. स्वस्तातल्या अनेक कॅमेऱ्यांत सेन्सर, म्हणजे उजेड टिपणारी चिप, २ मेगापिक्सेलचा असतो आणि चित्र ताणून ४के केलेलं असतं. फाइल मोठी होते, तपशील तेवढाच राहतो. सेन्सरचं नाव विचारा. दुकानदाराला सांगता आलं नाही आणि कंपनीच्या पानावरही दिसलं नाही, तर तो कॅमेरा सोडून द्या. सोनीच्या स्टारव्हिस मालिकेतला आयएमएक्स३३५ हा ५ मेगापिक्सेलचा, आयएमएक्स४१५ हा ८ मेगापिक्सेलचा. स्टारव्हिस २ पिढीत आयएमएक्स६७५ हा ५चा आणि आयएमएक्स६७८ हा ८चा. ४के हवं आणि रात्रही सांभाळायची असेल तर ६७८ सरस, कारण तो सेन्सर आकारानेच मोठा आहे. ४१५चं ४के दिवसा सुंदर दिसतं, अंधारात मात्र ६७५चं १४४०पी जास्त उपयोगी पडतं.

मधल्या बजेटमध्ये दोन मॉडेल समोरासमोर ठेवण्यासारखी आहेत. सेव्हंटीमायच्या ए५००एसमध्ये आयएमएक्स३३५ आहे, चित्र २५९२ बाय १९४४, जीपीएस आतच, आणि मागचा कॅमेरा जोडता येतो. चित्र उंचीला जास्त असल्यामुळे सिग्नलला अगदी पुढे उभं राहिलं तरी वरचा दिवा चौकटीत राहतो. व्हायोफोच्या ए११९ मिनी २मध्ये आयएमएक्स६७५ आहे आणि १४४०पी चित्र सेकंदाला ६० फ्रेमनी मिळतं. मागच्या कॅमेऱ्याची सोय मात्र नाही. दोघांतला मोठा फरक सहसा कोणी विचारत नाही. ए५००एसमध्ये छोटी लिथियम बॅटरी आहे, ए११९ मिनी २मध्ये बॅटरीऐवजी सुपरकपॅसिटर.

आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीला टेकतो आणि उन्हात बंद उभ्या गाडीत काचेजवळ ६० अंशांच्या वर तापमान जातं. लिथियम बॅटरी ४५ अंशांच्या पुढे चार्ज करू नये असा साधारण दंडक आहे. रोज तेवढं तापल्यावर ती फुगते, कॅमेऱ्याचं कव्हर उचकटतं, आणि शेवटी गाडी बंद करताना शेवटची फाइल अर्धवट राहते. कपॅसिटर फक्त काही सेकंदांची वीज धरतो, पण फाइल नीट बंद करायला तेवढी पुरते. गाडी घरी शेडमध्ये आणि ऑफिसला तळघरात उभी राहत असेल, मागचा कॅमेराही हवा असेल, तर ए५००एस घ्या. एमआयडीसीत किंवा एसटी स्टँडजवळ दिवसभर उन्हात उभी राहत असेल तर कपॅसिटरवालाच घ्या, यात तडजोड नको.

६० फ्रेमबद्दल एक गैरसमज आहे. रात्री कॅमेरा शटर जास्त वेळ उघडं ठेवतो, साधारण सेकंदाचा तिसावा भाग. तुमचा वेग ६० आणि समोरून येणाऱ्याचा ६० असेल, तर तेवढ्यात तो तुमच्या तुलनेत एक मीटरहून जास्त सरकतो. शेजारून निघून जाणाऱ्याचा नंबर पुसला जातो तो यामुळे. ६० फ्रेमनी हे अंतर निम्मं होतं, पण उजेडही निम्माच मिळतो. अंधारात समोरून गेलेल्या गाडीचा नंबर कुठल्याच किमतीचा कॅमेरा खात्रीने देत नाही. उपाय साधा आहे. माइक चालू ठेवा आणि डोळ्यांना दिसलेला नंबर मोठ्याने म्हणा. रंग, कंपनी, ‘एमएच १०, शेवटी ४७’, जेवढं दिसलं तेवढं. आवाज त्याच फाइलमध्ये, त्याच वेळेला नोंदला जातो. माइक चालू आहे हे गाडीत बसणाऱ्यांना मात्र सांगून ठेवा.

मेमरी कार्डावर हात आखडता घेऊ नका. डॅशकॅम बंद पडल्याची तक्रार येते तेव्हा बहुतेक वेळा कॅमेरा धडधाकट असतो आणि कार्ड मेलेलं असतं. मोबाइलचं जुनं कार्ड टाकणं ही सगळ्यात महागात पडणारी काटकसर. १४४०पी व्हिडिओ सेकंदाला २० मेगाबिटने लिहिला जात असेल तर तासाला ९ जीबी होतात. म्हणजे १२८ जीबीच्या कार्डात साधारण १४ तास. त्यानंतर जुन्या फायली पुसून नव्या लिहिल्या जातात, महिनोन्‌महिने. साधं कार्ड या कामासाठी बनलेलं नसतं. ‘हाय एन्ड्युरन्स’ असं लिहिलेलं, लिहिण्याच्या वेगाची व्ही३० खूण असलेलं १२८ जीबी कार्ड घ्या. सॅनडिस्कच्या हाय एन्ड्युरन्स १२८ जीबीला कंपनी फुल एचडीच्या रेकॉर्डिंगसाठी १०,००० तास सांगते. कार्ड कॅमेऱ्यातच फॉरमॅट करा, कॉम्प्युटरवर नको. नंतरही महिन्यातून एकदा फॉरमॅट करा आणि त्याआधी एखादी फाइल चालवून बघा. स्क्रीनवर लाल ठिपका लुकलुकतोय म्हणजे रेकॉर्डिंग होतंयच असं नाही.

आता बसवणं. जागा आरशाच्या मागे, डावीकडे, म्हणजे चालकाच्या नजरेआड. काचेच्या वरच्या कडेला काळ्या ठिपक्यांची पट्टी असते, तिच्यावर चिकटवू नका. ठिपके उंचसखल असतात, टेप पूर्ण टेकत नाही आणि पहिल्याच उन्हाळ्यात कॅमेरा खाली येतो. लेन्स वायपर पुसतो त्या भागातच यायला हवी. हे पासरणी घाटात जुलैमध्ये लगेच कळतं. वायपरच्या बाहेरची काच म्हणजे नुसतं ओघळणारं पाणी. गाडीत एडास (चालकाला मदत करणारी यंत्रणा) असेल तर आरशामागचा तिचा कॅमेरा आणि पावसाचा सेन्सर यांच्यासमोर काहीही आणू नका.

काच आधी आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा. काचेच्या नेहमीच्या क्लीनरने नको, त्याचा पातळ थर मागे राहतो. पूर्ण वाळू द्या. टेप लावून ३० सेकंद जोरात दाबून धरा. थ्रीएमची व्हीएचबी टेप वीस मिनिटांत निम्मी, २४ तासांत ९० टक्के आणि ७२ तासांत पूर्ण पकड घेते. म्हणून आज फक्त माउंट चिकटवा, कॅमेरा उद्या अडकवा. थंडीत सकाळी दव पडलेल्या काचेवर हे काम करू नका. दुपारी करा, किंवा काच आतून हीटरने कोमट करून घ्या.

लेन्सचा कल ठरवताना घाई होते. चौकटीत वरचा साधारण तिसरा भाग आकाश, खाली बॉनेटची फक्त कड. आकाश जास्त आलं की कॅमेरा त्या उजेडाला जुळवून घेतो आणि रस्ता काळवंडतो. तपासायला उत्तम जागा म्हणजे साताऱ्याहून पुण्याकडे जाताना खंबाटकीचा जुना बोगदा. तोंडाशी बाहेर पडतानाची फाइल घरी थांबवून थांबवून बघा. पुढच्या गाडीची प्लेट पांढरीफटक दिसत असेल तर एक्स्पोजर (चित्राच्या उजेडाची पातळी) उणे ०.३ किंवा ०.५ करा. नव्या एचएसआरपी (हाय सिक्युरिटी) प्लेटा हेडलाइटचा उजेड परत फेकतात, त्यामुळे रात्रीही हीच कमी केलेली पातळी कामाला येते. डॅशबोर्डचं प्रतिबिंब काचेत दिसत असेल तर लेन्सवर सीपीएल फिल्टर (प्रतिबिंब कापणारी काच) लावा. तो उजेड खातो, म्हणून रोजचा प्रवास रात्रीचा असेल तर न लावलेलाच बरा.

वायर काचेच्या वरच्या कडेने छताच्या कापडात बोटाने सारायची, डाव्या खांबातून खाली आणायची आणि दाराच्या बीडिंगखालून ग्लोव्हबॉक्सपर्यंत न्यायची. बऱ्याच गाड्यांत या खांबात पडदा एअरबॅग (बाजूच्या खिडक्यांवर उघडणारी) असते. वायर तिच्या पुढून गेली तर एअरबॅग उघडताना वायर आणि पॅनेल दोन्ही अंगावर येतात. पॅनेल काढून वायर एअरबॅगच्या मागून, मूळ वायरिंगच्या जुडीला बांधूनच न्या. ॲक्सेसरीजच्या दुकानात ‘दहा मिनिटांत लावून देतो’ म्हणतात तेव्हा नेमकं हेच टाळलेलं असतं. समोर उभं राहून बघा. पॅनेल प्लास्टिकच्या पट्टीने काढतायत की स्क्रूड्रायव्हरने, तेही बघा. स्क्रूड्रायव्हरने क्लिपा तुटतात आणि मग खडखड कायमची.

नुसतं चालू गाडीत रेकॉर्डिंग हवं असेल तर खोक्यातलाच चार्जर सॉकेटला लावा. म्युझिक सिस्टीमच्या यूएसबीला लावू नका. तिथे बऱ्याच गाड्यांत अर्धा अँपिअरच मिळतो, आणि कॅमेरा दर थोड्या वेळाने बंद होऊन परत सुरू होत राहतो.

पार्किंगमध्येही नजर हवी असेल तर थेट फ्यूजपेटीला जोडायचं, तीन वायरींचं हार्डवायर किट लागतं. एक वायर कायम वीज असलेल्या फ्यूजला, दुसरी चावी फिरवल्यावरच वीज येणाऱ्या फ्यूजला, तिसरी अर्थिंग. मल्टिमीटरने तपासल्याशिवाय अंदाजाने लावू नका. चावी बंद असताना १२ व्होल्ट दाखवतो तो पहिला, चावी फिरवल्यावरच दाखवतो तो दुसरा. सिगारेट लायटरचा फ्यूज दुसऱ्यासाठी सोयीचा, पण काही गाड्यांत तो चावी काढल्यावरही चालू राहतो. दोन्ही वायरी कायम विजेवर गेल्या तर कॅमेऱ्याला गाडी बंद झाल्याचं कळतच नाही आणि तो रात्रभर पूर्ण रेकॉर्डिंग करत बसतो. एअरबॅग, एबीएस आणि इंजिनच्या कॉम्प्युटरचे फ्यूज हाताळायचेच नाहीत.

वायर कापू नका, फ्यूज टॅप, म्हणजे फ्यूजच्या खाचेत बसणारा जोड, वापरा. तो मिनी, लो-प्रोफाइल आणि मायक्रो२ अशा वेगवेगळ्या मापांत येतो, गाडीतला फ्यूज काढून दुकानात न्या. टॅप बसवण्याची दिशा असते. फ्यूज काढल्यावर ज्या खाचेत वीज दिसते, त्या बाजूला टॅपचा वायर नसलेला पाय आला पाहिजे. उलटा बसला तर कॅमेऱ्याचा भारही मूळ फ्यूजवरच पडतो. कॅमेऱ्यासाठी २ किंवा ३ अँपिअरचा फ्यूज पुरे. अर्थिंग रंग नसलेल्या बोल्टला, बॉडीच्या धातूला. प्लास्टिकवर कसलेल्या स्क्रूला लावलेलं अर्थिंग आज चालतं आणि घाटात दणके बसले की सुटतं.

बॅटरीचा हिशेबही आधीच करा. कॅमेरा साधारण ०.३ अँपिअर घेतो. एका रात्रीत, दहा तासांत, ३ अँपिअर-तास. लहान पेट्रोल गाडीची बॅटरी ३५ अँपिअर-तासांची, तिला एवढं झेपतं. पण गाडी तीन दिवस जागेवर उभी राहिली तर २१हून जास्त जातात आणि सेल्फ उचलत नाही. म्हणून किटवरचा कटऑफ, म्हणजे कॅमेऱ्याची वीज तोडण्याची पातळी, १२.२ व्होल्टवर ठेवा. भरलेली बॅटरी १२.६ दाखवते, १२.२ला ती निम्म्यावर आलेली असते. ११.८चा पर्याय दिसला तरी तिकडे जाऊ नका. बॅटरी तीन-चार वर्षं जुनी असेल तर पार्किंग मोड नकोच.

सेटिंग्जमध्ये धक्क्याचा सेन्सर ‘लो’वर ठेवा. ‘हाय’वर ठेवला तर प्रत्येक गतिरोधक आणि खड्डा म्हणजे अपघात समजून फाइल कुलूपबंद होते, आठवडाभरात कार्ड अशा फायलींनी भरतं आणि काही कॅमेरे ‘कार्ड फुल’ म्हणून थांबतात. क्लिप एक मिनिटाची, फ्रिक्वेन्सी ५० हर्ट्झ, वेळ ५:३० च्या टाइमझोनची. घड्याळ चुकलं असेल तर समोरचा वकील पहिलं बोट तिथेच ठेवतो. चित्रावर वेग छापायचा की नाही हे तुमच्यावर आहे, पण तो तुमचाही वेग सांगतो हे लक्षात घ्या.

अपघात झालाच तर गाडी बाजूला घेऊन कॅमेरा बंद करा आणि कार्ड काढा. चालू ठेवलात तर नवी फाइल जुनी पुसायला टपलेलीच असते. नंतर त्यातल्या फाइलची एक प्रत घ्या, पण मूळ कार्ड तसंच ठेवा. व्हिडिओ कापू नका, त्याच्यावर काही लिहू नका. व्हॉट्सॲपवरून पाठवलेली प्रत दाबली जाऊन धुरकट होते, ती पुरावा म्हणून देऊ नका. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे अशा रेकॉर्डसोबत प्रमाणपत्र जोडावं लागतं आणि त्यात फाइलचं हॅश मूल्य (फाइल जराही बदलली तर बदलणारा तिचा सांकेतिक क्रमांक) लिहावं लागतं. म्हणून मूळ कार्ड पाकिटात घालून वर तारीख, वेळ आणि ठिकाण लिहा, आणि गाडीत दुसरं फॉरमॅट केलेलं कार्ड कायम ठेवा.