सँडो आणि अ‍ॅनी ओकली: 1894 मधील दोन चित्रफिती

एडिसनच्या न्यू जर्सीतील 'ब्लॅक मारिया' या स्टुडिओत 1894 मध्ये चित्रित झालेल्या या दोन्ही चित्रफिती मिनिटभरही चालत नाहीत. मात्र कलावंताचे कौशल्य आणि त्याचे प्रदर्शन यांचे नाते त्या निरनिराळ्या रीतीने मांडतात. मार्चमध्ये चित्रित झालेला शरीरसौष्ठवपटू युजेन सँडो (आपल्याकडील 'सँडो बनियन'मधला तोच) काळ्या पार्श्वभूमीवर उभा राहून स्नायू फुगवतो, पाठ वळवतो आणि शरीर हेच प्रदर्शन करतो. त्याला दुसऱ्या कशाचीही गरज भासत नाही. नोव्हेंबरमधील अमेरिकन नेमबाज अ‍ॅनी ओकली मात्र झपाट्याने रायफल चालवते, आणि पुढे सहायकाने हवेत फेकलेल्या वस्तूंवर नेम धरते. गोळीचा आवाज नाही, दिसतो तो केवळ नळीतून उसळणारा धूर; त्यामुळे नेम अचूक लागला की नाही, हे कायनेटोस्कोपच्या (आत डोकावून चित्रफीत पाहण्याच्या पेटीच्या) भोकाला डोळा लावणाऱ्या एकट्या प्रेक्षकाला पुष्कळदा नीट कळले नसावे. कॅमेऱ्याला सँडो अधिक मानवतो, हे मान्य करावे लागते. तरीही माझी पसंती ओकलीलाच आहे, कारण तिच्या चित्रफितीत काहीतरी चुकण्याची शक्यता सतत जिवंत राहते.