लाल-निळ्या लाटांचं किट, घ्याच!

नववीतल्या भाचीसाठी ऑनलाइन हे बीझेड (बेलूसोव्ह-झाबोटिन्स्की) रिअ‍ॅक्शनचं, म्हणजे आपोआप पुन्हा पुन्हा रंग बदलणाऱ्या रासायनिक क्रियेचं किट मागवलं, आणि रविवारची अख्खी दुपार आम्ही दोघं त्यातच होतो. बीकरमध्ये ढवळत राहिलं की द्रावण लाल, निळं, परत लाल असं ठरावीक वेळाने बदलतं, आणि तेच पेट्री डिशमध्ये (उथळ गोल बशीत) पातळ थरात ओतून न हलवता ठेवलं की लालवर निळी वर्तुळं उमटून बाहेर पसरत जातात. म्हणजे केमिकल तेच, पण एकीकडे पॅटर्न वेळेत आणि दुसरीकडे जागेत पण! दोन लाटा समोरासमोर आल्या की पाण्यातल्या तरंगांसारख्या आरपार जात नाहीत, तिथेच विझतात. आणि तारेने लाट मधेच तोडली तर टोकं वळून स्पायरल होतात, हे मला सगळ्यात जास्त आवडलं, कारण हृदयाच्या स्नायूत विजेच्या लाटांचे असेच स्पायरल झाले की ठोके बिघडतात. बेलूसोव्ह या रशियन शास्त्रज्ञाला ही रिअ‍ॅक्शन १९५० च्या दशकात सापडली तेव्हा जर्नलने पेपर नाकारला होता, फार वाईट वाटतं वाचून.

तक्रार एकच. डिस्टिल्ड वॉटरच वापरा हे माहितीपत्रकात कुठेच नाही, नळाच्या पाण्यातल्या क्लोराइडने आमचा पहिला प्रयत्न वाया गेला, विक्रेत्याने हे मोठ्या अक्षरात छापायला हवं. थोड्या वेळाने कार्बन डायऑक्साइडचे बुडबुडे येऊन लाटा मोडतात, म्हणून व्हिडिओ लगेच काढा. किटमधलं ब्रोमेट हे केमिकल विषारी आहे, ग्लोव्ह्ज-गॉगल घालाच आणि मुलांना एकटं सोडू नका.

पाचपैकी चार स्टार.