पीट पॉसलथ्वेट यांच्यासाठी ‘ब्रास्ड ऑफ’ची डीव्हीडी घ्यावीच
पीट पॉसलथ्वेट (१९४६–२०११) या ब्रिटिश चरित्र अभिनेत्याला आपल्याकडे बहुतेकांनी ‘द युज्वल सस्पेक्ट्स’मधला थंड डोक्याचा वकील कोबायाशी म्हणून पाहिले असेल. ‘इन द नेम ऑफ द फादर’साठी त्यांना ऑस्करचे नामांकन मिळाले, तर ‘शार्प’ या दूरचित्रवाणी मालिकेत त्यांनी रंगवलेला सार्जंट हेक्सविल अक्षरशः किळस आणतो. तरीही त्यांची खरी ताकद अनुभवायची, तर १९९६ चा ‘ब्रास्ड ऑफ’ हा चित्रपट संग्रही असावा.

यॉर्कशायरमधली कोळसा खाण बंद पडण्याच्या वाटेवर असताना कामगारांचा ब्रास बँड जिवापाड जपणारा आणि कोळशाच्या धुळीने फुफ्फुसे निकामी झालेला डॅनी त्यांनी साकारला आहे. रात्री इस्पितळाबाहेर सहकारी हेल्मेटवरचे दिवे लावून वाजवू लागतात, तो प्रसंग मी कितीदा पाहिला असेल! लंडनच्या अल्बर्ट हॉलमध्ये बँड स्पर्धेचा करंडक नाकारताना तर त्या उंच गालफडांच्या, ओढलेल्या चेहऱ्यावरून नजर हटत नाही. चित्रपटासाठी ग्राइमथॉर्प कोलिअरी बँड या खऱ्याखुऱ्या बँडने वाजवलेले संगीत चांगल्या स्पीकरवरच ऐकावे.

माझ्या प्रतीत सबटायटल्स नाहीत, त्यामुळे यॉर्कशायरी बोलीतले काही संवाद निसटतात. खरेदीपूर्वी तेवढे तपासून घ्यावे.